मैदानावर पाठवलेली मुलं

आदरणीय गिरिजाबाई शेटे यांच्याशी माझी पहिली ओळख झाली ती त्यांनी मला वर्गाबाहेर काढलं त्या दिवशी. मला एकट्याला नाही, आठवीतल्या आम्हा सगळ्या मुलांना. गुरुवारचा तिसरा तास होता. बाई दारात आल्या. कपाळावर विभूतीचे पट्टे, सुती लुगड्याचा पदर खोचलेला आणि हातात चक्क व्हॉलीबॉल. म्हणाल्या, "मुलांनो, हा घ्या. तास संपेपर्यंत मैदानावर. आणि खिडकीशी कुणी घुटमळताना दिसला तर त्याच्या घरी निरोप जाईल."

आम्ही खूश. गणिताच्या आधीचा तास खेळायला मिळतोय म्हटल्यावर आत काय चाललंय हे विचारतो कोण? बाईंच्या या गौरवग्रंथात पुष्कळजण 'मी बाईंचा शिष्य' असं लिहितील. मीही शिष्यच आहे आणि पुढं त्यांच्याच शाळेत त्यांचा सहकारी झालो, हे माझं भाग्य. पण ज्या तासामुळे शेटे बाईंचं नाव जिल्ह्यात झालं, तो तास चालू असताना मी व्हॉलीबॉल खेळत होतो. हे आधी सांगून टाकलेलं बरं.

संपादक मंडळींनी लेख मागितला तेव्हा मी आनंदानं हो म्हटलं होतं. आता मात्र लिहायला बसलो की उठावंसं वाटतं. बाईंच्या गुणांची यादी करावी, प्रत्येकापुढं एक प्रसंग जोडावा, शेवटी दीर्घायुष्य चिंतावं, ही रीत मला ठाऊक आहे. पण मन थाऱ्यावर नाही. आज पुन्हा गुरुवार आहे, मी शाळा भरायच्या आधी प्रयोगशाळेत येऊन हे लिहितो आहे, आणि गेले काही गुरुवार आमच्या शाळेतली मुलं पुन्हा मैदानावर आहेत. ती कशी गेली ते ओघानं येईलच. आमचं गाव झरीच्या पुढं, फाट्यावरून आत. नाव लिहीत नाही. गावातली भांडणं ग्रंथात कशाला?

बाई मूळच्या सेलूच्या. वडिलांचं सरकी-पेंडीचं दुकान, घर कापूस बाजाराच्या पाठीमागं. हंगामात जिनिंगचा आवाज दिवसभर आणि उंबऱ्यावर, खिडकीत, पाण्याच्या माठावर कापसाची लव. घरात रोज सकाळी लिंगपूजा झाल्याशिवाय कुणी चहाला हात लावत नसे, बाई आजही लावत नाहीत. वयात आल्यावर त्यांनी शेजारच्या मैत्रिणींसारखं आपणही आता बाजूला बसायचं का, असं आईला विचारलं. आईनं सांगितलं, "गळ्यात लिंग असताना विटाळ कसला? ऊठ, पूजेचं पाणी भर." बाई हे सांगताना नेहमी जोडायच्या की आम्हा लिंगायतांतही आता काही घरं शेजाऱ्यांचं बघून पाळायला लागलीत, तेव्हा फार फुशारकी मारण्यासारखं काही नाही.

अशा घरातून आलेल्या बाई आमच्या गावात विज्ञानाच्या शिक्षिका म्हणून रुजू झाल्या आणि एका शेतकरी कुटुंबाच्या घरी खोली घेऊन राहिल्या. त्या घरची मुलगी बाईंच्याच वर्गात होती. एके दिवशी ती शाळेत दिसली नाही. संध्याकाळी बाई घरी आल्या तर ती गोठ्याच्या कडेला पोतं अंथरून बसलेली, थाळी-तांब्या वेगळा. बाईंनी घरमालकिणीला विचारलं, "हिला बरं नाही का?" मालकीण म्हणाली, "कावळा शिवलाय. चार दिसांनी येईल की साळंला." पुढच्या महिन्यात दुसरी, मग तिसरी. मुली आळीपाळीनं गैरहजर राहतात आणि गुरुजी हजेरी घेताना त्याबद्दल चकार शब्द काढत नाहीत, हे बाईंच्या ध्यानात आलं. त्या गोष्टीनं त्या भडकल्या. बाईंचा राग हा आवाजाचा राग नाही. त्या गप्प होतात आणि कामाला लागतात. ज्यांनी तो पाहिला आहे ते समजतील.

त्या काळी या विषयाचं शिक्षण कसं होतं, हे नव्या वाचकांना सांगायला हवं. पुस्तकात प्रजननाचा धडा असायचा. गुरुजी त्याच्या आधीचा धडा संपवायचे, घसा खाकरायचे आणि म्हणायचे, "पुढचा धडा सोपा आहे, घरी वाचून घ्या." की लगेच त्याच्या पुढचा धडा सुरू. अख्ख्या पुस्तकात तेवढाच धडा सोपा. घरी तो कुणी कुणाला वाचून दाखवणार होतं, देव जाणे. मुलींना जे कळायचं ते गोठ्याच्या कडेला, आणि मुलांना जे कळायचं ते पानटपरीमागं. आणि आम्ही काय काय ऐकलं होतं त्या टपरीमागं, ते या गौरवग्रंथात लिहिण्यासारखं नाही.

बाईंनी मुलींसाठी गुरुवारचा तास सुरू केला. वहीवर विषयाचं नाव 'आरोग्य' घातलं, म्हणजे कुणाला बोट ठेवायला जागा नको. पाळी म्हणजे काय, ती का येते, कापड कसं धुवायचं, उन्हात का वाळवायचं, रक्त कमी असलं तर काय खायचं. आणि मुलींना प्रश्न विचारता यावेत म्हणून त्यांची एक खास पद्धत होती. प्रत्येकीला कागदाचा एक तुकडा द्यायच्या आणि प्रत्येकीनं काहीतरी लिहिलंच पाहिजे. प्रश्न नसेल तर 'आज जेवायला काय होतं' ते लिही. सगळ्यांच्या पेन्सिली चालत असल्या की खरा प्रश्न कुणाचा हे शेजारणीलाही कळत नसे. मग बाई पिठल्या-भाकरीच्या चिठ्ठ्या बाजूला काढायच्या आणि राहिलेल्यांची उत्तरं सावकाश द्यायच्या. मुलींची गुरुवारची गैरहजेरी आधी कमी झाली, मग एकेक करून बाकीचे वारही भरायला लागले.

आणि आम्हा मुलांना व्हॉलीबॉल. बाईंचं त्यावेळचं म्हणणं साधं होतं: मुलं वर्गात असली तर मुली तोंड उघडणार नाहीत. ते खोटं नव्हतं. गाव तेव्हा तसंच होतं, आम्हीही तसेच होतो.

पुढं काळ पालटला. शिकून मी त्याच शाळेत विज्ञान शिकवायला लागलो होतो. एड्सची भीती सगळीकडं पसरलेली. एक दिवस एक जीप आली, भोंगा लावलेली. उतरलेल्या माणसांनी आमच्या व्हरांड्यात कवटीचं चित्र असलेलं मोठं पोस्टर लावलं, मुलामुलींना उन्हात रांगेनं बसवलं आणि तासभर घाबरवलं. मुलं जाताना एकमेकांच्या तांब्यातलं पाणी प्यायला तयार होईनात. जीप फाट्यावर पोचलीही नसेल, बाईंनी स्टूल मागवलं, स्वतः चढून पोस्टर काढलं. मुख्याध्यापक म्हणाले, "बाई, वरून आलंय ते." बाई म्हणाल्या, "वरून आलेलं खाली काढून ठेवलंय, जपून ठेवा. पोरांना आधी शरीर आपलं वाटू द्या, मग रोगाचं सांगू." सगळी शाळा बघत होती. मला त्या दिवशी मास्तर झाल्याचा फार आनंद झाला.

बाईंच्या मायेबद्दल लिहायचं तर माझ्या घरचंच लिहितो. माझ्या मुलीच्या जन्मानंतर बाई डिंकाचे लाडू घेऊन घरी आल्या. बाळाला मांडीवर घेतलं, बायकोशी हळू आवाजात बोलल्या, मग अंगणात येऊन मला म्हणाल्या, "ज्ञानोबा, बाळंतिणीची धुणी कोण धुतं?" मी म्हटलं, "माय धुती." "मायच्या गुडघ्यांचं काय झालंय बघितलंस का? आजपासून तू धू." माझी आई स्वैपाकघरातून बाहेर आली. "अवो बाई, बाप्या माणसानं असली धुणी धुवावी व्हय? लोकं काय म्हणतील?" बाईंनी आईच्या हातात लाडू ठेवला. म्हणाल्या, "लोकं म्हणतील, मास्तरला साबण लागतो. खा." मी धुतली. पहिल्या दिवशी कडी लावून, नंतर उघड्यावर. आईनं महिनाभर तोंड वाकडं केलं आणि मग तिच्या गुडघ्यांना बरं वाटायला लागल्यावर शेजारणीला माझं कौतुक सांगायला लागली.

आता किशनची गोष्ट. ती सांगितल्याशिवाय शेटे बाई कळणार नाहीत आणि माझी आजची तगमगही कळणार नाही.

किशन माझा वर्गमित्र, व्हॉलीबॉलमधला आमचा सगळ्यात उंच गडी. पुढं परभणी-झरी रस्त्यावर काळीपिवळी जीप चालवायचा. त्याची बायको दुसऱ्या बाळंतपणात रक्तस्राव होऊन गेली, बाळही गेलं. थोरली वैष्णवी आणि तो, एवढंच घर राहिलं. वैष्णवी सातवीत असताना बापलेक चुडाव्याला किशनच्या बहिणीकडं बारशाला गेले होते. दुसऱ्या दिवशी सकाळी परतायला चुडावा स्टेशनावर आले आणि तिथं पोरगी पोट धरून बसली. किशननं पाहिलं तर परकराला रक्त. बायको गेली तेव्हाचं सगळं त्याच्या डोळ्यांपुढं उभं राहिलं. बहिणीकडं माघारी फिरावं तर गाडी आत येत होती. त्यानं खांद्यावरचा टॉवेल पोरीच्या कमरेला गुंडाळला, तिला उचलून डब्यात बसवलं. परभणीला उतरल्यावर दवाखान्यात न्यावं की घरी, त्याला काही सुचेना. दवाखान्यातच बायको गेली होती. मग स्टँडवरची आपली जीप काढली आणि तडक शाळेच्या दारात आणून उभी केली.

मी प्रयोगशाळेत होतो, शेटे बाईही तिथंच. किशन पोरीला हातांवर घेऊन आत आला. तोंड पांढरंफटक. "बाई, माझी पोरगी मरायलीय."

बाईंनी एकदा टॉवेलकडं पाहिलं, एकदा पोरीच्या तोंडाकडं. "काही मरत नाही. खाली ठेव तिला, तिला चालता येतं." वैष्णवीचा हात धरून त्या तिला शिक्षिकांच्या खोलीत घेऊन गेल्या. बराच वेळ आतून बोलण्याचा आवाज येत होता, मग पाण्याचा, मग, मला नीट आठवतं, वैष्णवीच्या हसण्याचा. किशन टेबलाशी उभा होता. मी त्याला स्टूल दिलं तर बसेना.

बाई परत आल्या आणि त्यांनी दोन वाक्यांत त्याला सांगितलं की पोरगी ठणठणीत आहे, वयात आली आहे, यात आजार नाही. किशननं श्वास सोडला. मला वाटलं, आता हा बाईंच्या पाया पडेल. तो पाया पडला नाही. तो चिडला.

"बाई, तुमी पोरींला समदं सांगितलं. आमाला मैदानावर धाडलं. आमच्या घरी काय पोरी जल्मणार न्हवत्या का? का आमाला बायका न्हवत्या भेटणार?" तो शिक्षिकांच्या खोलीकडं बघत म्हणाला, "तिची माय रात्रीपासून म्हनत व्हती, रगत लय जायलंय. मला वाटलं, बायकांचं आसतं तसं. मी सकाळपस्तोर जीप काढली न्हाई."

मला किशनचं तोंड धरावंसं वाटलं, इतक्या मोठ्या बाईंना हा असं बोलतो म्हणून. आणि त्याच वेळी मला वाटलं की हा माझ्याही वतीनं बोलतोय. आजही मला ते दोन्ही वाटतं.

शेटे बाई स्टुलावर बसल्या. चष्मा काढून पदरानं पुसला. म्हणाल्या, "किशन, चूक माझी आहे. मुलींना बोलता यावं म्हणून मी तुम्हाला बाहेर काढलं, आणि पुन्हा आत घ्यायचं विसरले." मग त्या उठल्या, फळ्यावरची माझी चुंबकाची आकृती पुसली आणि त्या जीपवाल्याला, भर दुपारी, त्याचा बुडालेला तास दिला. गर्भाशय म्हणजे काय. पाळी का येते, किती दिवस राहते. कोणतं रक्त साधं आणि कोणतं धोक्याचं, बाळंतिणीला घेऊन कधी धावायचं. किशन मधूनमधून डोळे पुसत ऐकत होता. तास संपला तेव्हा त्यानं एकच विचारलं, "तिला शेंगदाण्याची चिक्की चालती का? तिला लय आवडती." बाई म्हणाल्या, "चालतीय काय, पळतीय." तो सबंध तास मी दारात उभा राहून ऐकला. मास्तर होऊन इतकी वर्षं झाली होती आणि त्यातलं निम्मं मला पहिल्यांदा कळत होतं.

पुढच्या गुरुवारी तिसऱ्या तासाची घंटा झाली. आठवीची मुलं सवयीनं उठली, एकानं कोपऱ्यातला व्हॉलीबॉल काखेत मारला. बाई दारात आडव्या उभ्या होत्या. म्हणाल्या, "बॉल ठेव. आज कुणी बाहेर जाणार नाही."

गाव पेटलं, हे सांगायला नकोच. शाळा समितीचे अध्यक्ष दोन माणसं घेऊन आले. "बाई, ह्ये काय लावलंय तुमी? पोरं-पोरी एका जागी बसवून असलं सांगत्यात व्हय? पोरं बिघडतील." बाईंनी त्यांना खुर्ची दिली, चहा दिला, आणि म्हणाल्या, "पुढच्या गुरुवारी या. मागच्या बाकावर बसा. माझ्या ज्या वाक्याची तुम्हाला लाज वाटेल तिथं हात वर करा, मी तास बंद करते." अध्यक्ष आले. गुडघे बाकात मावेनात म्हणून तिरके बसले. तास सुरू झाला, मुलं आधी खुसखुसली, मग बाईंच्या साध्या बोलण्यानं गप्प झाली. अध्यक्षांचा हात वर गेला नाही. तास संपता संपता मात्र गेला. सगळा वर्ग मागं वळला. अध्यक्ष म्हणाले, "पोरगी व्हनार का पोरगं, ह्ये कुणाच्या अंगावर आसतंय म्हनलात? एकदा पुन्हा सांगा." बाईंनी पुन्हा सांगितलं, बापाच्या. अध्यक्ष उठताना म्हणाले, "मंग घरात आमी ज्यान्ला बोललो..." आणि वाक्य तसंच सोडून गेले. त्यानंतर बाई निवृत्त होईपर्यंत समितीनं त्या तासाचं नाव काढलं नाही.

मुलींचा वेगळा तास बाईंनी बंद केला नाही, तो शनिवारी नेला. काही गोष्टी आपसात बोलायला जागा लागते, हे त्यांना मान्य होतं. पण गुरुवार सगळ्यांचा झाला आणि हळूहळू त्याचा विषयही बदलत गेला. शरीराचं संपवून बाई माणसांकडं वळल्या. मुलांच्या हातात मोबाइल यायच्या आधीच त्यांनी नकाराचा धडा घ्यायला सुरुवात केली होती. आठवीतल्याच एका पोरानं एका मुलीच्या मागं लागून तिची वाट अडवली होती. बाईंनी त्याला मारलं नाही, नाव घेतलं नाही. वर्गाला विचारलं, "शेजारी ताक मागायला गेलात आणि त्या म्हणाल्या, नाही बाबा आज, तर काय करता?" मुलं म्हणाली, माघारी येतो. "घरात घुसून मडकं उचलता का? उद्या पुन्हा जाऊन, काल का नाही दिलं म्हणून भांडता का? ताकाला जमतं ते माणसाला का जमत नाही?" मुलं हसली. तो पोरगा हसला नाही. आता त्याचं परभणीत औषधांचं दुकान आहे आणि बाईंचा हा अमृतमहोत्सव करू या, असं सगळ्यात आधी त्यानंच सुचवलं.

आता आजचं. मी बाईंचा गुरुवार चालवतो, त्याला बरीच वर्षं झाली. या काळात त्या विषयाची नावं किती बदलली म्हणून सांगू. आरोग्य झालं, किशोरावस्था झालं, जीवनकौशल्य झालं. नवं नाव आलं की नवं प्रशिक्षण, आणि प्रशिक्षणात नाश्ता. चांगलंही पुष्कळ झालं, नाही म्हणत नाही. शाळेत पॅड मिळतात. चांगला-वाईट स्पर्श पहिलीतल्या लेकरांनाही सांगतात. प्रजननाचा धडा आता सोपा राहिलेला नाही, तो शिकवावाच लागतो. पण पडद्यावर एक व्हिडिओ लावायचा, त्यातल्या बाहुल्या शहरी बोलीत बोलणार, मुलं बघणार, आपण मुलांचा फोटो काढून पाठवायचा, की झाला विषय. व्हिडिओला किशनसारखं चिडून कुणी विचारत नाही. आणि व्हिडिओ चष्मा काढून 'चूक माझी' म्हणत नाही.

या पावसाळ्यानंतर माझ्या तासाला एका मुलानं उघड हात वर करून विचारलं, "सर, घरी बहिणीचं पोट दुखतंय तेव्हा आमी काय करावं?" मला इतका आनंद झाला. ज्या प्रश्नासाठी किशनला चुडाव्यापासून धावत यावं लागलं, तो प्रश्न हा पोरगा बाकावर बसून विचारत होता. पण कुणीतरी मोबाइलवर तेवढंच टिपलं, खाली हसणारी चित्रं टाकली आणि गावाच्या ग्रुपवर सोडलं. दोन दिवसांत पालक आले. नवी समिती आहे, नवे अध्यक्ष आहेत, पण बोलणं तेच, 'पोरं बिघडतील'. मुख्याध्यापक भला माणूस आहे. ते म्हणाले, "सर, समितीची बैठक होईपर्यंत मुलांना खेळायला सोडा. वाद नको. बैठकीत काय ते ठरेल." तेव्हापासून गुरुवारच्या तिसऱ्या तासाला मुलं मैदानावर जातात. तो प्रश्न विचारणारा मुलगा बॉलला हात लावत नाही. कडुनिंबाखाली एकटा बसतो, कारण बाकीचे त्याला त्या प्रश्नावरून चिडवतात. आपण विचारायला नको होतं, असं त्याला वाटायला लागलंय, हे मला त्याच्या पाठीकडं बघूनही कळतं. तास बंद पडला तर हा पोरगा पुन्हा कधी कुणाला काही विचारणार नाही.

या समारंभाचं आमंत्रण द्यायला गेल्या आठवड्यात मी सेलूला बाईंकडं गेलो. बाई पुतण्याकडं राहतात. पूजा आटोपून ओसरीवर बसल्या होत्या, हरभऱ्याची भाजी निवडत. गुडघे त्रास देतात, कान उत्तम आहेत. मी सत्काराचं सगळं सांगितलं. शाल, मानपत्र, ग्रंथ, जेवण. त्या ऐकत होत्या. मग म्हणाल्या, "गुरुवारी पोरं कुठं असतात सध्या?"

ही बातमी सेलूपर्यंत कशी गेली, देव जाणे. मी सांगितलं, मैदानावर.

बाईंनी हातातली जुडी ताटात ठेवली. "मग माझा सत्कार कशाचा करायलात?"

मी समितीचं सांगितलं, मुख्याध्यापकांचं सांगितलं, बैठक आहे म्हटलं. विनवलं, बाई, तुम्ही बैठकीला या, तुमच्यापुढं कुणी बोलणार नाही. बाई म्हणाल्या, "मी आले की माझ्यापुढं बोलणार नाहीत, आणि मी मेले की पुन्हा बोलतील. माझं ऐकून काय उपयोग? मला किशननं सांगितलं तेव्हा मी समितीला विचारायला गेले नव्हते, ज्ञानोबा." मग भाजीचं ताट माझ्याकडं सरकवलं. "निवड. शाल पांघरवून मला गप्प बसवायचं असेल तर दोन आणा, एकीनं भागणार नाही." मी भाजी निवडली. निघताना त्यांनी नेहमीप्रमाणं डब्यात शेंगदाण्याची चटणी बांधून दिली आणि उंबऱ्यापर्यंत येऊन म्हणाल्या, "गुरुवारी संध्याकाळी फोन करीन. तेच विचारायला."

म्हणजे आज.

वाचकहो, हा ग्रंथ तुमच्या हातात पडेल तोवर समितीचं काय झालं, माझं काय झालं, हे तुम्हाला कळलेलं असेल. मला आत्ता काहीच ठाऊक नाही. नोकरीची थोडी वर्षं उरलीत, नोटीस आली तर उत्तर देईन. अध्यक्षांना मागच्या बाकावर बसा म्हणायचं मी ठरवलंय. बाईंच्यासारखं शांतपणे जमेल का, सांगता येत नाही. मला लवकर राग येतो आणि माझा राग आवाजाचा आहे.

गौरवलेखाच्या शेवटी दीर्घायुष्य चिंतायचं असतं. शेटे बाईंना खूप आयुष्य लाभो, गुडघे सुखाचे राहोत, दृष्टी आणि वाचा शाबूत राहो, त्यांची सकाळची पूजा आणि नंतरचा चहा एक दिवसही चुकू नये, ही आम्हा सर्वांची मनापासूनची इच्छा आहे. माझं मागणं जरा स्वार्थाचं आहे. बाई, तुम्ही पुष्कळ जगा आणि दर गुरुवारी फोन करत राहा. तुम्ही विचारणार आहात एवढ्या धास्तीनं तरी आम्ही हलतो.

शाळा केव्हाच भरली. सकाळचे दोन तास मला मोकळे असतात, त्यातला दुसराही संपत आला आहे. शिपाई घंटेकडं निघालाय, पोरांनी कोपऱ्यातला बॉल काढायच्या आत मला आठवीच्या दारात पोचायचं आहे, म्हणून लेख इथंच सोडतो. संध्याकाळी बाईंचा फोन येईल. पोरं आत आहेत, असं मला त्यांना सांगायचं आहे.